रेंज पाजायला निघालेले फोन

गाणं मध्येच थांबलं तेव्हा लाँच वडाच्या वळणाला लागली होती.

फोन माझ्यासमोर खिळ्याला अडकवलेल्या पिशवीत होता. इंजिनाच्या धडधडीतूनही सहदेवचा आवाज स्वच्छ येत होता. ‘उंबऱ्यापाशी आलं पाणी, तुळस उचल गं बाई,’ असं तो म्हणायचा आणि मागचे गडी झील धरायचे, ‘उचल गं बाई, उचल गं बाई.’ दुसऱ्या कडव्याआधी तो मोठा श्वास घेतो आणि मग लांब तान मारतो. त्या सकाळी श्वास ऐकू आला. तान आलीच नाही.

“का रं बंद केलंस?” गजराआक्का मागून ओरडली. “बरं चाललं हुतं की.”

“म्या न्हाय बंद केलं.”

“मग काय त्यो बुडाला पाण्यात?”

लाँचमध्ये माझ्याशिवाय दोघंच होती. गजराआक्का बाजारात विकायला दोन कोंबड्या घेऊन निघाली होती. तिच्यासमोर परशातात्या बसले होते, गालाला उपरणं गच्च बांधून. त्यांची दाढ सुजली होती. दातांचा डॉक्टर बाजाराच्या गावी फक्त मंगळवारी येतो, त्याच्याकडे पहिला नंबर लागावा म्हणून तात्यांनी मला नेहमीपेक्षा लवकर लाँच सोडायला लावली होती.

मी फोन पिशवीतून काढला. बॅटरी होती. कोपऱ्यात रेंजच्या दोन दांड्याही उभ्या राहिल्या होत्या. माझ्या कंपनीची रेंज वडाच्या वळणालाच लागायची. गावातल्या बाकीच्यांचं कार्ड दुसऱ्या कंपनीचं, त्यांची रेंज पुढे देवळाच्या टेकडीपाशी यायची. गाण्याचं नाव करडं पडलं होतं आणि त्याखाली अक्षरांची एक ओळ आली होती.

त्याआधीच्या दिवाळीपर्यंत अशी ओळ आली की मी ती अंगठ्याने बाजूला सारायचो. त्या दिवशी वाचायला घेतली.

हे. गाणे. आता.

पुढचा शब्द लांब होता आणि त्यात एकावर एक बसलेली अक्षरं होती. ती मी अजून शिकलो नव्हतो. तो सोडून पुढे गेलो.

नाही.

मी पुन्हा पहिल्यापासून वाचलं. पुन्हा ‘नाही’पाशीच आलो. मग माझं लक्ष पायाशी ठेवलेल्या बांबूच्या पाटीकडे गेलं.

पाटीत आमच्या सगळ्या करंजवणे गावाचे फोन होते. तेव्हा धरणाच्या आमच्या बाजूला टॉवर नव्हता. तिन्हीकडून डोंगर आणि चौथीकडून पाणी. फोनवर बोलणं होत नसे, म्हणून आमच्याकडे फोन म्हणजे गाण्यांचा डबा. दर मंगळवारी मी घरोघरचे फोन गोळा करून पलीकडे न्यायचो आणि बाजारातल्या मुनाफच्या दुकानात ठेवायचो. कुणाला कुठलं गाणं हवं ते मला तोंडी सांगत. मी ते मुनाफला सांगायचो, मुनाफ भरून द्यायचा. कुठला फोन कुणाचा हे दोऱ्याच्या रंगावरून कळायचं. दळण नेतात आणि आणतात तसंच काम.

एकदा भरलेली गाणी रेंज नसली तरी वाजत. पण महिन्यातून एकदा तरी फोनला रेंज दाखवावी लागे, नाहीतर कंपनी गाण्यांना कुलूप घाली. म्हणून नवीन गाणं नको असलं तरी बायका फोन पाटीत टाकत आणि म्हणत, “बयाजी, ह्याला नुसती रेंज पाजून आण.”

पाटीत हिरव्या दोऱ्याचा फोन होता. तो अनुसयाबाईचा. हे गाणं गावात दोनच फोनांत होतं, तिच्या आणि माझ्या. माझ्यातलं आताच गेलं होतं.

सहदेव तिचा नवरा. मुंबईत गोदामावर कामाला होता आणि रात्री गाववाल्यांच्या मंडळात गायचा. त्या मंडळाची कधीतरी एक कॅसेट निघाली होती. पुढे सहदेव तापाने गेला. ती कॅसेट अनुसयाबाईने टेपवर इतकी वाजवली की एक दिवस फीत आत गुंडाळून तुटली. त्यानंतर तिच्याकडे त्याचा एक फोटो राहिला, तोही लग्नातला, गळ्यापर्यंत मुंडावळ्यांनी झाकलेला.

मी मुनाफला दर मंगळवारी विचारायचो, त्या मंडळाचं काही सापडतं का बघ. तो शोधायचा आणि मान हलवायचा. एका मंगळवारी त्याने मान हलवली नाही. फोन माझ्या कानाला लावला. सहदेवचं नाव कुठेच नव्हतं, नुसतं मंडळाचं होतं. पण आवाज त्याचाच. ते मी तिच्या फोनात भरून घेतलं आणि माझ्याही. माझ्यात कशाला, हे तिने विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. माझी बायको जाऊन तेव्हा बरीच वर्षं झाली होती आणि मुलगी पुण्याला दिली होती. संध्याकाळी लाँचवर एकटाच असायचो.

मुनाफने तेव्हाच सांगून ठेवलं होतं. “काका, ही गाणी आपली नसतात. कंपनीने ठेवायला दिलेली असतात. तिने एखादं परत मागितलं तर फोनला रेंज लागली रे लागली की ते गेलं. रेंज नसेल तोवर तिचा हात पोचत नाही.”

समोर पाण्यात उतरलेली देवळाची टेकडी दिसत होती. लाँच तिच्याकडेच चालली होती.

मी स्टेअरिंग पूर्ण फिरवलं.

लाँच एका अंगावर कलली. कोंबड्या ओरडल्या. गजराआक्का फळीवरून घसरून तात्यांच्या मांडीवर गेली.

“आरं मुडद्या! बाजार तिकडं हाय!”

“ठावं हाय.”

“मग हिकडं कुठं?”

“माघारी.”

तात्यांना तोंड उघडता येत नव्हतं. त्यांनी आधी काठी आपटली. त्याचा उपयोग होईना तेव्हा दोन्ही हातांनी उपरणं सोडलं आणि सुजल्या गालानेच विचारलं, “काय राह्यलं घरी?”

“काय न्हाय राह्यलं, तात्या. फुडं गेलो तर अनुसयाबाईचं गाणं जाईल.”

“जाऊ दे की! आधी माझी दाढ जाऊ दे!”

“सहदेवचं हाय, तात्या.”

तात्या उपरणं पुन्हा बांधायला लागले. सहदेव त्यांच्या भावकीतला होता.

गजराआक्का गप्प बसणारी नव्हती. “तिच्या फोनापायी आख्खी लाँच वळीवतोस? गेल्या साली माझी कोंबडी पाण्यात पडली तवा थांबलास का रं?”

“ती पवत कडंला गेली की.”

“ती तिच्या जिवावर गेली. तू कुठं थांबलास?”

मी इंजिनाला जास्तीची ओढ दिली. तरी मनाला स्वस्थता नव्हती. रेंज वाऱ्यासारखी कधी पुढे येते, कधी मागे जाते, हे मला माहीत होतं. पाटीतून हिरव्या दोऱ्याचा फोन काढला आणि कुठे लपवावा ते सुचेना. शेवटी माझ्या भाकरीच्या डब्यात घातला, वरून भाकरी ठेवली, झाकण लावलं आणि डबा मांड्यांत दाबून धरला.

“ह्येला खूळ लागलं,” आक्का तात्यांना म्हणाली.

अनुसयाबाई धक्क्याशी भांडी घासत होती. शाळा चालू होती तोवर ती शाळेत खिचडी शिजवायची. पोरं उरली नाहीत म्हणून शाळा बंद झाली, पण किल्ली तिच्याकडेच राहिली होती आणि शाळेची मोठी पातेली ती अजून दर आठवड्याला घासून पालथी घालायची. लाँच परत येताना बघून ती उभी राहिली.

“काय वो लाँचवाले, तात्यांना चक्कर आली का?”

“न्हाय.” मी उडी मारून उतरलो आणि डबा तिच्या हातात दिला. “आत हाय. गेलंय का ऱ्हायलंय बघ.”

तिने झाकण काढलं. भाकरी उचलली. फोनला ठेचा लागला होता. तो तिने पदराने पुसला आणि बटण दाबलं. सहदेव म्हणाला, ‘उंबऱ्यापाशी आलं पाणी’ आणि तिने लगेच थांबवलं.

“हाय. का?”

मी सगळं सांगितलं. माझ्या फोनातलं कसं थांबलं, काय ओळ आली, मुनाफ काय म्हणाला होता. माझा फोनही दाखवला. तिने ती ओळ वाचली. मला न आलेला शब्दही वाचला. मग माझ्याकडे बघितलं.

“तुम्ही वाचलंत हे?”

“येक शब्द सोडून.”

“लाँच चालवता चालवता?”

“व्हय.”

मग हळूच म्हणाली, “लाँचवाले, राग मानू नका. फोन बंद का नाही केलात?”

“म्हंजे?”

“हे बटण दाबून धरायचं. बंद फोनला कुठली रेंज लागते?”

मी बटणाकडे बघितलं. गजराआक्काने तात्यांकडे बघितलं. तात्यांनी डोळे मिटून घेतले.

“आगं बाई!” आक्का कमरेवर हात ठेवून हसायला लागली. “बटान! एका बटनाचं काम आन् ह्यानं आख्खी लाँच फिरीवली!”

“मला लाँच वळीवता येती,” मी म्हणालो. “म्हणून लाँच वळीवली.”

यावर अनुसयाबाईही हसली. पदर तोंडाला लावून बराच वेळ हसली. हसता हसता ती पातेल्यावर बसली आणि मग तिचं हसू हळूहळू ओसरलं.

“पण आता काय करायचं?” ती म्हणाली. “रेंज दाखवली तर जाणार. नाही दाखवली तर महिना भरला की कुलूप लागणार. मागचे तीन मंगळवार मी फोन दिलाच नाही, आता दोन-तीन दिवसांतच भरतोय.”

हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. मला वाटलं होतं, आणून पोचवलं की झालं.

पाणी धक्क्याला चुबुकचुबुक लागत होतं. तात्यांनी उपरण्यातूनच काहीतरी म्हटलं. कुणाला कळलं नाही. त्यांनी वैतागून उपरणं खाली ओढलं.

“शाळंतले गुर्जी पोरांच्या कविता कशात भरायचे?”

अनुसयाबाई ताडकन उठली. “कॉम्प्युटरात! माइक हाय की!”

शाळेचा कॉम्प्युटर जुना होता. कुणा दानशूर माणसाने शहरातून पाठवलेला, कपाटाएवढा पडदा असलेला. छपरावर सोलरची पाटी होती, तिच्यावर चालायचा. तो सुरू झाला की आधी एक खेळच उघडायचा. दुसरं काही करायचं तर तो बंद करावा लागे.

त्या खेळाशी माझी जुनी ओळख होती. मी त्याच्यावरच अक्षरं शिकत होतो. दिवाळीनंतर एकदा मुनाफ आजारी पडला, दुकान बंद, आणि मी पाटीभर फोन घेऊन बाजारात नुसता उभा राहिलो. कुणाचं काय ते सगळं पाठ होतं, पण एक अक्षर लिहिता येत नव्हतं. तसाच परत आलो. तेव्हा अनुसयाबाई म्हणाली होती, “संध्याकाळी लाँच बांधली की शाळेत येत जा. तुमच्याच धंद्याचा खेळ हाय.”

खेळात एक होडी होती. वर दोरीला लटकून लाकडी खोकी यायची, प्रत्येकावर एक अक्षर. खाली जो शब्द सांगितला असेल त्याची खोकी होडीत भरायची. एका बाजूला भार पडला की होडी कलायची आणि खोकी घसरून पाण्यात जायची. मला वाटलं, यात काय शिकायचं? जन्म गेला माझा होडी भरण्यात. पहिल्या दिवशी मी अशी सुरेख होडी भरली की ती काठापर्यंत सरळ गेली. काठावर पोचल्यावर खेळ म्हणाला, चूक. भार बरोबर होता, शब्द काहीच झाला नव्हता.

दुसऱ्या दिवशी मी शब्द बरोबर लावला आणि होडी बुडवली.

खेळातलं पाणीही विचित्र होतं. काकवीसारखं दाट. होडी कलली की तशीच राहायची, पुन्हा सरळ व्हायला किती वेळ घ्यायची. कधी कधी दोन खोकी एकमेकांत अडकून थरथरायची आणि गोफणीतून सुटल्यासारखी आभाळात जायची. मी अनुसयाबाईशी भांडायचो, असं कुठं असतं का? ती म्हणायची, “खेळ जुना हाय. गुर्जी म्हणायचे, नव्या कॉम्प्युटरवर तो चालतसुद्धा न्हाई. तुम्ही पण जुने, तो पण जुना. सांभाळून घ्या एकमेकांना.”

न बुडता काठाला लागलेला माझा पहिला शब्द ‘नाही’ होता. दोनच खोकी, दोन्ही बाजूंना एकेक. होडी जराही हलली नाही.

त्या सकाळी तिने शाळा उघडली, आक्का कोंबड्यांसकट आत आली. पडदा उजळला आणि नेहमीप्रमाणे आधी होडी आली. तात्या आणि आक्का यांनी ती पहिल्यांदाच बघितली.

“ही बयाजीची लाँच का?” आक्काने विचारलं.

“त्याची असती तर माघारी वळली असती,” तात्या म्हणाले. दाढ दुखत असूनही त्यांना हे बोलल्याशिवाय राहवलं नाही.

अनुसयाबाईने खेळ बंद केला. कवितांची खिडकी उघडली. माइक म्हणजे डोक्याला लावायचा कानाचा पट्टा होता, त्याला पुढे वळलेली एक काडी. तो तिने टेबलावर ठेवला, शेजारी आपला फोन उभा केला. खिडक्या लावल्या. कोंबड्यांच्या टोपलीवर गोणपाट टाकलं.

“आता कुणी बोलायचं न्हाई,” ती म्हणाली. “तात्या, कण्हायचं पण न्हाई.”

तात्यांनी उपरण्याचं टोक दातांत धरलं. न दुखणाऱ्या बाजूच्या.

तिने एक बटण दाबलं, मग दुसरं. पडद्यावर एक हिरवी रेघ सरकायला लागली आणि सहदेव गायला लागला. रेघ त्याच्या आवाजाबरोबर वर-खाली व्हायची. आम्ही चौघं पोरांच्या बुटक्या बाकांवर गुडघे छातीला लावून बसलो होतो. भिंतीवर बाराखडीचा तक्ता होता. आक्का त्या रेघेकडे बघत होती. अनुसयाबाई कुठेच बघत नव्हती.

मला सहदेव आठवला. गणपतीला गावी आला की माझ्या लाँचच्या नाकावर उभा राहून गायचा. तेव्हा लाँच नवी होती. तो पुढे गायचा आणि मी मागे स्टेअरिंगवरून झील धरायचो. इंजिनापेक्षा मोठ्याने ओरडावं लागायचं. धक्क्यावरच्या माणसांना आम्ही दिसायच्या आधी ऐकू यायचो.

दुसरं कडवं जवळ आलं. श्वास आला. या वेळी तान आली, पूर्ण आली, शेवटपर्यंत. आणि ती संपली तेव्हा माझ्या तोंडून आपोआप निघालं, “उचल गं बाई, उचल गं बाई.”

चांगलं मोठ्याने. लाँचवर म्हणायचो तसं.

आक्काने कपाळाला हात लावला. मी तोंडावर हात ठेवला. गाणं पुढे चालूच होतं. अनुसयाबाईने माझ्याकडे वळून बघितलं, पण काही केलं नाही. गाणं संपेपर्यंत आम्ही तसेच बसलो. अगदी शेवटी, झील विरत असताना, गोणपाटाखालून एक कोंबडी बोलली आणि तात्यांना रोखून धरलेलं सुटलं, “आई गंऽऽ!”

अनुसयाबाईने बटण दाबलं.

“घाण केली सगळी,” आक्का म्हणाली. “त्यानं निम्मी आन् तात्यानं निम्मी. पुन्हा लाव गं. ह्या बाप्यांना भायेर काढ.”

“जातो मी,” मी उठलो. “तात्या, चला. बाई, पुन्हा घे. मी धक्क्यावर थांबतो.”

“बसा,” अनुसयाबाई म्हणाली.

तिने भरलेलं गाणं पहिल्यापासून लावलं. आम्ही ऐकलं. कॉम्प्युटरच्या डब्यातून सहदेवचा आवाज थोडा लांबून आल्यासारखा वाटत होता. माझा मात्र जवळून. जुन्या झीलवाल्यांच्या पुढे येऊन उभा राहिल्यासारखा. सूर बरोबर लागला होता, याचं मला नवल वाटलं. कोंबडी आली. तात्यांचं “आई गं” आलं. आक्का फिसकन हसली.

“लाव पुन्हा,” मी म्हणालो. “ह्ये पुसून टाक.”

“राहू दे,” ती म्हणाली. “हेच राहू दे.”

“आगं, पण...” आक्का बोलायला लागली आणि अनुसयाबाईचं तोंड बघून थांबली.

अनुसयाबाईने कॉम्प्युटरला नाव लिहायला सुरुवात केली. गाणं कुठल्या नावाने ठेवायचं ते तो विचारत होता. तिने ‘सहदेव’ लिहिलं. ती ओळ मला वाचता आली. मग थोडं थांबून त्याच्यापुढे तिने आणखी एक शब्द लिहिला. तोही मला वाचता आला. ते माझं नाव होतं.

तात्या भिंतीवरच्या तक्त्याकडे बघत होते.

ती उठली, तिने टेबलावरचा आपला फोन घेतला, त्याचा हिरवा दोरा नीट केला आणि तो माझ्या हातात दिला.

“घ्या. पाटीत टाका.”

“रेंजंत जाईल गं ह्यो.”

“जाऊ दे आता. बाकीच्या गाण्यांना तरी कुलूप नको लागायला.” मग दारातून म्हणाली, “आणि तात्यांना घेऊन पळा आता. डॉक्टर जेवायला जाईल.”

मी लाँच जोरात सोडली. देवळाच्या टेकडीपाशी पाटीतले फोन एकामागून एक कुणकुणले. हिरव्या दोऱ्याचाही कुणकुणला असेल. मी खाली बघितलं नाही. मुनाफला तिच्यासाठी त्या दिवशी काय भरायचं ते तिने सांगितलं नव्हतं, म्हणून मी माझ्या मनाने एक गाणं सांगितलं. पहिल्यांदाच त्याच्या फोनवर माझ्या बोटाने लिहिलं. दोन अक्षरं चुकली. मुनाफने दुरुस्त केली.

डॉक्टरने तात्यांची दाढ काढली. ती त्यांनी कागदात गुंडाळून येताना मला दाखवली आणि म्हणाले, “बघ, हिनं तुझं गाणं नासवलं.” चेहरा मात्र खूश होता. आक्काच्या कोंबड्या विकल्या गेल्या नाहीत, बाजार उठत आला होता. दोन्ही परत आल्या. त्यांतली एक गाण्यात बोलली होती, म्हणून पुढे आक्काने ती कधीच विकली नाही. म्हातारी होऊन मेली.

आता आमच्या बाजूला टॉवर आला. पाटी कोंबड्या झाकायला वापरतो. लाँच पुतण्या चालवतो. मी अंगणात बसून लिहितो. जोडाक्षरं येतात सगळी, वेळ लागतो. शाळेचा कॉम्प्युटर शेवटी बंद पडला आणि होडीचा खेळ त्याच्याबरोबर गेला. गाणं मात्र मुनाफने आधीच शाळेत येऊन मेमरी कार्डात उतरवून दिलं होतं. त्याला रेंज लागो न लागो.

लाँच वळवल्यानंतर दुसऱ्या वर्षी मी आणि अनुसयाबाईने टेकडीवरच्या देवळात एकमेकांना हार घातले. गावात थोडं बोलणं झालं. माझी मुलगी पुण्याहून आली आणि तिने अनुसयाबाईला साडी नेसवली. गजराआक्का सगळ्यांना सांगत फिरली, “मला तर लाँच वळली तवाच कळलं हुतं. मांडीवर कुणाच्या पडले ते इच्यारू नका, पण कळलं हुतं.” तात्या गेल्या वर्षी गेले. त्यांचा आवाज आमच्याकडे आहे.

दिवेलागणीला ती आतून गाणं लावते. सहदेव गातो. मी दारातून झील धरतो, म्हणजे आता माझीच झील दोनदा ऐकू येते, एक तेव्हाची आणि एक आत्ताची. आत्ताची जरा मागे पडते. दम पुरत नाही. मग अनुसया तुळशीपाशी दिवा ठेवताना वळून म्हणते, “लाँचवाले, हळू. तान संपू द्या त्यांची.”

मी तान संपू देतो. मग धरतो.